वाट्याचं रडणं

आरिफच्या दुकानात मिक्सरच्या भांड्याचं पातं बदलून होईपर्यंत शिवकन्या लाकडी बाकावर बसली होती, आणि समोर भिंतीवरच्या टीव्हीत एक माणूस रडत होता. आरिफ कानशीनं काहीतरी घासत होता म्हणून टीव्हीचा आवाज बंद. नुसता चेहरा. वरचा ओठ एका बाजूला ओढला गेलेला, नाकपुड्या ओल्या, हनुवटी आवरता आवरत नव्हती. रडताना माणूस किती केविलवाणा दिसतो, असं तिच्या मनात आलं आणि शाळेत शिकवण्याच्या सवयीनं तिनं नजर वळवली. वर्गातलं पोर रडायला लागलं की ती असंच करायची, बघितलं की पोरं जास्त रडतात. मग आरिफ म्हणाला, "वैनी, भाऊ हायत की ओ टीव्हीत," आणि भांडं तसंच मांडीवर ठेवून त्यानं रिमोट शोधायला सुरुवात केली. तिनं परत बघितलं. कॅमेरा आता मागं सरकला होता. पांढरा शर्ट, खिशाला अडकवलेला चष्मा, मनगटावर तिनंच तुळजापुरातून आणून बांधलेला दोरा. भागवत होता. तिचा नवरा. वीस वर्षं तिनं ज्याला झोपेत, तापात, रागात, जेवताना पाहिलं होतं त्या माणसाला तिनं ओळखलं नव्हतं, कारण हा चेहरा तिनं कधी पाहिलाच नव्हता.

आवाज आला तेव्हा निवेदिका सांगत होती की तेरखेड्याच्या पलीकडं एका वस्तीवर फटाक्यांच्या शेडला सकाळी आग लागली, तीन कामगार गेले, आणि सर्वांत आधी तिथं पोचलेले जिल्हा परिषदेचे माजी सदस्य भागवतराव बिराजदार यांनाही अश्रू अनावर झाले. अनावर हा शब्द ती प्रत्येक वेळी थोडा ओढून म्हणत होती. भागवत उंबऱ्यापाशी जमिनीवर बसला होता आणि त्याच्यासमोर डोक्यावरचा पदर घसरलेली एक तरणी बाई बसली होती. मेलेल्या शंभूची बायको, करिश्मा, असं खाली नाव आलं. तिचा हात भागवतच्या दोन्ही हातांत होता. मग चित्र थांबलं, भागवतच्या डोळ्याभोवती लाल गोल आला, आणि तो एक थेंब हळूहळू, फार हळूहळू गालावरून खाली आला. मागं सनईसारखं काहीतरी वाजत होतं. आरिफ उभा राहून बघत होता. "दिल लई नरम हाय भाऊचं," तो म्हणाला. "आमाला वाटायचं, नुसते ओरडतेत." शिवकन्यानं भांडं पिशवीत घातलं. रस्त्यावर आल्यावर तिला जाणवलं, की आपल्या छातीत काहीतरी टोचतंय आणि ते दुःख नाही. तीन माणसं जळून गेली होती आणि तिला फक्त एकच गोष्ट दिसत होती: करिश्माच्या हातावरून फिरणारा भागवतचा अंगठा.

लोहाऱ्यात भागवतची ओळख वेगळी होती. तहसीलच्या दारात गाडी थांबली की आतले कारकून चहा अर्धा सोडून उठायचे. तो टेबलावर हात आपटायचा, शिव्या द्यायचा, आणि लोकांची कामं करून द्यायचा. लोक त्याला घाबरून होते आणि त्या घाबरण्यातच त्यांना त्याचा आधार वाटायचा. शिवकन्यालाही वाटायचा. टणक माणूस आहे, असं तिनं स्वतःला समजावलं होतं. फणस जसा आतून गोड असतो तसं आत काही आहे असं नव्हे, हा बाभळीसारखा आतपर्यंत एकच आहे. ते समजावणं तिला सोपं गेलं नव्हतं. चौदा वर्षांपूर्वी गायत्री गेली तेव्हा तिनं ते स्वतःला पहिल्यांदा समजावलं. पोर अडीच वर्षांची. ताप डोक्यात गेला, सोलापूरला नेलं, आणि दुसऱ्या दिवशी दुपारी दवाखान्याच्या चादरीत गुंडाळून परत आणलं. शिवकन्या मागच्या सीटवर तिला मांडीवर घेऊन बसली होती आणि भागवत पुढं, ड्रायव्हरच्या शेजारी. नळदुर्गच्या अलीकडं त्यानं ड्रायव्हरला सांगितलं, "मागच्या डाव्या चाकात हवा कमी वाटती." एवढंच. सगळ्या रस्त्यात तेवढंच एक वाक्य. ती त्याच्या मानेकडं बघत होती. आता मान हलेल, आता खांदे हलतील. घरी आल्यावर त्यानं फोन केले, माणसं बोलावली, खड्ड्यात माती स्वतः लोटली, आणि हात धुऊन आत येऊन तिला म्हणाला, "आता रडून काय होणार? ऊठ." त्याचे डोळे कोरडे होते. त्यानंतर कितीतरी दिवस ती वाट बघत राहिली. न्हाणीघरातून पाण्याचा आवाज थांबला की ती कान द्यायची. पुढं ती वाट बघणं बंद झालं असं तिला वाटलं होतं. ते फक्त खाली जाऊन बसलं होतं.

घरी आल्यावर तिनं टीव्ही लावला आणि समोर बसली. आगीची बातमी दुपारपर्यंत लहान होत गेली आणि रडण्याची मोठी. जळालेली शेड दिसायची थांबली. इतर दोन मेलेल्या माणसांची नावं थांबली. राहिला तो थेंब. शेजारची शांताक्का मुद्दाम येऊन सांगून गेली, "शिवकन्या, नशीब काढलंस बाई. असा मायाळू दादला मिळायला पुण्य लागतंय." शिवकन्या हसली. तिच्या मनात एकच आशा होती आणि ती तिला स्वतःला घाण वाटत होती, तरी ती धरून होती: हे नाटक असेल. निवडणूक जवळ आली आहे, कॅमेरा समोर आहे, माणूस रडून दाखवतो. नाटक असेल तर काही बिघडलं नाही. नाटक असेल तर त्या बाईला काहीच मिळालं नाही.

दिवे लागायच्या वेळी तो आला. कपड्यांना फटाक्यांच्या दारूचा करपट वास. मोबाईल थांबत नव्हता, तो बंद करून त्यानं पालथा ठेवला आणि ताटावर बसला. तिनं भाकरी वाढली.

"टीव्हीत बघितलं," ती म्हणाली.

"हं."

"रडायला कसं काय आलं?"

तो घास घेता घेता थांबला. तिला वाटलं आता हसेल, म्हणेल, अगं करावं लागतं. त्यानं तिच्याकडं बघितलं आणि त्याच्या चेहऱ्यावर खरोखरचा गोंधळ होता. "मला बी कळंना बग," तो म्हणाला. "तिचा हात धरला, आन् आलंच. थांबवता येईना. लाज वाटाय लागली मला. एवढी माणसं समोर." मग भाकरीचा तुकडा मोडत, जवळजवळ स्वतःशीच, "हात लई गार होता पोरीचा."

शिवकन्या आत जाऊन पाणी आणण्याच्या निमित्तानं माठापाशी उभी राहिली. तो खोटं बोलत नव्हता. वीस वर्षांत त्याच्या खोट्याचा सूर तिला पाठ झाला होता आणि हा तो नव्हता. म्हणजे त्याच्यात होतं. बाभळीच्या आत होतं. चौदा वर्षं ते तिथं होतं आणि तिच्या वाट्याला न येता, तिच्या मांडीवरच्या पोरीच्या वाट्याला न येता, ते तेरखेड्यापलीकडच्या एका उंबऱ्यावर, ओळख ना पाळख अशा बाईच्या हातावर सांडलं. दुसऱ्या बाईशी नवऱ्याचं काही असतं तर कदाचित ती भांडली असती, माहेरी गेली असती, चार लोक तिच्या बाजूनं बोलले असते. याच्यावर भांडायचं तरी कसं? परक्याच्या मरणाला माझा नवरा रडला, अशी तक्रार कुणाकडं न्यायची?

पुढच्या दिवसांत टीव्हीनं भागवतचा दुसरा एक भागवत केला. माणसातला माणूस, असं एका वाहिनीनं त्याला नाव दिलं. त्याच्यावर चर्चा झाली, त्यात चार चौकोनांत चार माणसं राजकारणातल्या संवेदनशीलतेवर बोलली. मुंबईहून पक्षाची माणसं फोन करू लागली. विधानसभेच्या तिकिटासाठी आजवर त्याचं नाव शेवटून घेतलं जायचं, ते वर सरकलं. आणि तो बदलायला लागला. आवाज खाली आला. तहसीलमध्ये त्यानं टेबलावर हात आपटला नाही, तर कारकुनांनी कामच केलं नाही. पण ते कुणी दाखवलं नाही. माकणीला वादळात पत्रे उडालेल्या घरी तो गेला तेव्हा ती टीव्हीपुढं बसून होती. म्हातारी बोलत होती, तो ऐकत होता, आणि मग त्याचे डोळे क्षणभर बाजूला गेले, कॅमेरा कुठं आहे ते बघून आले, आणि भरले. शिवकन्याला सुटल्यासारखं वाटलं. हे खोटं होतं. पण ती सुटका स्वयंपाकघरात जाईपर्यंतही टिकली नाही. कारण खोटं कसं दिसतं ते आता तिला दिसलं होतं, आणि पहिलं तसं नव्हतं. पहिल्या वेळी त्याचे डोळे कुठंही गेले नव्हते. ते करिश्माकडं होते.

शंभूला जाऊन महिना झाला त्या दिवशी भागवत परत तिकडं निघाला, आणि शिवकन्या म्हणाली, "मी येते." त्याला आश्चर्य वाटलं. गाडी चालवणारा शिवपुत्र मात्र खूश झाला. तोच भाऊंचे व्हिडिओ काढून सगळीकडं पाठवायचा. "वैनी आल्या की लई भारी दिसतंय," तो म्हणाला. तिला त्या बाईला बघायचं होतं. टीव्हीत चेहरा अर्धाच दिसायचा.

घर दोन खोल्यांचं. पुरुष अंगणात बसले, वाहिनीची धाराशिवची वार्ताहर मदिहा आधीच येऊन थांबली होती. शिवकन्या आत गेली. करिश्मा कोपऱ्यात, पोत्याला टेकून. टीव्हीत दिसायची त्यापेक्षा लहान, काळीसावळी, हाताच्या शिरा वर आलेल्या. सासू दगडाबाई येणाऱ्या प्रत्येकीला सांगत होती आणि शिवकन्यालाही तिनं सांगितलं, सून समोर असताना, "एवढा मोठा माणूस रडला बाई माझ्या लेकासाठी. आन् ही? खांबावानी बसली. समद्या राज्यानं बघितलं. एक टिपूस न्हाय डोळ्याला."

म्हातारी बाहेर गेल्यावर करिश्मा बोलली. "मला त्या दिसाचं कायच आठवत न्हाय वैनी. भाऊ रडले ते बी टीव्हीत बघून कळलं. आता जो येतोय तो त्येच इचारतोय. माहेरून बी फोन आला, तू का रडली न्हायस म्हून. परका रडला आन् बायकू न्हाय." तिनं पदराचं टोक बोटाला गुंडाळलं. "आता रडाय येतंय. तर सासू म्हणतीय, आता कशाला, आता कोण बघाय हाय."

शिवकन्याला तिची दया यायला पाहिजे होती. आली नाही असं नाही. पण तिच्या आधी दुसरंच काहीतरी आलं, गोड आणि हलकं. हिला काहीच मिळालेलं नाही. हिला ते आठवतसुद्धा नाही. उलट हिचंच रडणं तो घेऊन गेला. शिवकन्यानं हात पुढं केला आणि करिश्माच्या खांद्यावर ठेवला, आणि तेव्हाच ती पोर म्हणाली, "एकच आठवतंय बगा. त्येंचा हात लई गरम होता. तेवढाच होता त्या दिशी गरम."

शिवकन्यानं हात काढून घेतला.

"घरी बी असंच रडतेत का ओ भाऊ?"

"हो," शिवकन्या म्हणाली. आवाज तिचाच होता, वर्गात धडा वाचतानाचा, स्पष्ट. "त्यांना सहनच होत नाही कुणाचं. आमची मुलगी गेली ना, तेव्हा तर तीन दिवस अन्न नव्हतं पोटात. गाडी थांबवून रस्त्यावर बसून रडले होते. मलाच त्यांना धरावं लागलं."

करिश्मा तिच्याकडं बघत राहिली. "मग बरं हाय," ती म्हणाली. "तुमास्नी धराय माणूस हुतं."

दारात मदिहा उभी होती. हातातला माईक खाली होता, पण तिनं ऐकलं होतं, आणि तिचे डोळे खरोखरच ओले झाले होते. "ताई," ती हळू आवाजात म्हणाली, "हे तुम्ही कॅमेऱ्यासमोर बोलाल?" शिवकन्या नको म्हणाली. तिथं नको म्हणाली.

परतताना येडशीचा घाट ओलांडेपर्यंत भागवत मोबाईलवर आलेले निरोप वाचत होता. ती वाट बघत होती. त्याला कळलेलं असणार. आता तो म्हणेल, हे काय सांगितलंस, मी कधी रडलो? आणि मग तिला विचारता येईल, का नाही रडलात? चौदा वर्षं जो प्रश्न विचारायला जागाच नव्हती तो आता गाडीत त्या दोघांच्या मधे बसलेला होता. शेवटी तो बोलला. "मदिहा म्हणत होती, घरी येऊन तुझी मुलाखत घेती. तिकिटाचं या आठ दिसात ठरतंय." मग म्हणाला, "गायत्रीचं सांग. तिथं सांगितलंस तेच." आणि काचेतून बाहेर बघायला लागला. तिच्या लक्षात आलं, पोरीचं नाव त्याच्या तोंडून तिनं किती वर्षांनी ऐकलं होतं.

मुलाखत पुढच्या खोलीत झाली. शिवपुत्रानं आतल्या खोलीतला गायत्रीचा फोटो काढून बाहेर आणला, पुसला, आणि कॅमेऱ्यात येईल असा टेकवला. शिवकन्या हिरवं इरकल नेसली होती. मदिहानं विचारलं आणि ती सांगत गेली. नळदुर्गच्या अलीकडं यांनी ड्रायव्हरला गाडी थांबवायला सांगितली. खाली उतरले. चिंचेचं झाड होतं, त्याच्या बुडाला बसले. पोरीला माझ्या मांडीवरून घेतलं, तिचे पाय हातात धरले आणि रडले, मोठ्यानं, रस्त्यानं जाणारी माणसं थांबली. ती बोलत होती आणि ते तिला दिसत होतं. चौदा वर्षं तिनं तुकड्यातुकड्यानं जे मागितलं होतं ते सगळं एका जागी आलं होतं. तेरखेड्यापलीकडच्या रडण्यापेक्षा हे रडणं मोठं होतं. हे करिश्मा बघेल, असंही तिच्या मनात आलं, आणि तिनं चिंचेच्या झाडाखाली त्याला आणखी थोडा वेळ बसवलं. मुलाखत संपली तेव्हा तिचा पदर भिजला होता. तिचे अश्रू खरे होते.

संध्याकाळच्या बातम्यांनंतर ते दाखवलं तेव्हा घर भरलेलं होतं. कार्यकर्ते सतरंजीवर, शांताक्का दाराशी, आणि भागवत खुर्चीवर सगळ्यांच्या पुढं. शिवकन्या भिंतीला टेकून मागं उभी राहिली. पडद्यावरच्या बाईनं बोलायला सुरुवात केली. हिरवं इरकल, शांत चेहरा. ती किती विश्वासानं बोलत होती. तिच्या नवऱ्यानं तिच्या मांडीवरून पोर घेतली होती, तिला एकटीला ते ओझं धरून घरापर्यंत यावं लागलं नव्हतं. शिवकन्या त्या बाईकडं बघत राहिली आणि ते ओळखीचं टोचणं परत सुरू झालं, करिश्माच्या वेळेपेक्षा जास्त. करिश्माला एक गरम हात मिळाला होता. या बाईला सगळंच मिळालं होतं.

मग खोलीत हालचाल झाली. भागवत रडत होता. खांदे हलत होते, तोंड दोन्ही हातांत, आणि हातांमागून एक आवाज येत होता जो तिनं कधी ऐकला नव्हता. गायत्रीसाठी रडत होता. त्याचे डोळे कुठंही गेले नव्हते. ज्याची ती न्हाणीघराच्या दाराला कान देऊन वाट बघत राहिली होती ते आलं होतं, आणि ती भिंतीपाशीच उभी राहिली, कारण त्याच्या आणि तिच्या मधे सतरंजीभर माणसं होती आणि त्यातल्या बहुतेकांनी मोबाईल वर धरले होते. शिवपुत्र गुडघ्यांवर बसून समोरून घेत होता. ती आत निघून गेली.

थोड्या वेळानं तो स्वयंपाकघरात आला. तोंड धुऊन आला होता, केस ओले. दार त्यानं ओढून घेतलं.

"मी खरंच थांबवली व्हती का गाडी?"

"न्हाय."

त्यानं मान हलवली. "मला वाटलंच. पन आता दिसाय लागलंय बग. चिंच बी दिसतीय." तो ओट्याला टेकला. "मग का सांगितलंस तसं?"

"तुम्ही रडायला पाहिजे होतं म्हणून."

बाहेर कुणीतरी टीव्हीचा आवाज वाढवला, मग तिनं स्वतःचाच आवाज ऐकला. ते परत दाखवत होते. शिवपुत्रानं दारावर टकटक केली. "भाऊ, मुंबईचा फोन हाय." भागवतनं दाराकडं बघितलंही नाही. तो तिच्याकडं बघत होता, आणि त्याचा चेहरा असा झाला होता, की एखादी गोष्ट जिभेवर आहे आणि सापडत नाही.

"ती मला काय म्हणायची गं?" त्यानं विचारलं. "बाबा न्हाय म्हणायची. येगळंच कायतरी म्हणायची. मगापासनं आठवतोय, येईना."

तिला आठवत होतं. नुसता शब्द नाही, तो म्हणताना पोर मान कशी वाकडी करायची तेही. त्याचं गेटमधून येणं, पोरीचं उंबऱ्यावर उभं राहून ते ओरडणं. तिनं तोंड उघडलं. आणि तिला दिसलं, की उद्या हा शब्द सभेत असेल. मदिहाचे डोळे ओले होतील. तो पडद्याच्या खालच्या लाल पट्टीवरून सरकेल, शांताक्का तो म्हणून दाखवेल, आरिफच्या दुकानात गिऱ्हाइकं तो ऐकतील, करिश्मा ऐकेल. तो स्वतः तो म्हणताना रडेल, पहिल्यांदा खरं आणि मग डोळे बाजूला नेऊन. त्याचा ओला चेहरा तिच्या अगदी जवळ होता. हात लांब केला असता तर लागला असता.

"मला बी न्हाय आठवत," ती म्हणाली.

"आठवून बग की."

"लई वर्षं झाली."

तो ओट्यापासून सरळ झाला. मग, "आठवलं तर सांग," म्हणाला, खिशातला रुमाल काढून तोंड पुसलं आणि दार उघडून फोनकडं गेला. शिवकन्यानं दार परत लोटलं, कडी लावली, आणि ओट्याकडं तोंड करून तो शब्द एकदाच, ओठातल्या ओठात म्हणाली.